‘तुला भास झाला असंल’

वसमत तालुक्यातलं पांगरा शिंदे आणि त्याच्या शिवेला लागून असलेली गावं गेली काही वर्षं एकच गोष्ट सांगत आली आहेत : जमिनीच्या पोटातून आवाज येतो. दबका, गडगडल्यासारखा, आणि पाठोपाठ घरावरचे पत्रे थरथरतात. लांब राहणाऱ्याला हे सांगितलं की त्याच्याकडे उत्तरं तयार असतात. कुणी विहिरीत सुरुंग लावला असेल, जड गाडी गेली असेल, झोपेत असाल. मग २१ मार्च २०२४ च्या सकाळी सहाच्या सुमारास ४.५ तीव्रतेचा धक्का बसला. हिंगोली, नांदेड, परभणी तिन्ही जिल्ह्यांत लोक घराबाहेर आले. त्याच वर्षी १० जुलैला तेवढ्याच तीव्रतेचा दुसरा धक्का बसला. यंत्रांनी नोंद केली आणि ऐकणारे खरंच ऐकत होते, हे बाकीच्यांना मान्य करावं लागलं. १ मे १९९९ ला हिंगोली जिल्हा वेगळा होईपर्यंत वसमतकडचा हा सगळा मुलूख परभणी जिल्ह्यातच होता, आणि सोयरीक, बाजार, दवाखाना या बाबतीत तो आजही बराचसा तसाच आहे.

याच मराठवाड्यात ३० सप्टेंबर १९९३ ची भूकंपाची पहाट ज्यांनी किल्लारीच्या आसपास काढली, त्यांतल्या अनेकांना नंतर कित्येक महिने स्थिर जमीनही हलल्यासारखी वाटत होती. घर शाबूत असूनही माणसं अंगणात झोपत. धक्का दोन्हीकडे सारखाच जाणवत होता, पण एका ठिकाणी जमीन हलत होती आणि दुसऱ्या ठिकाणी ती हलल्याची नुसती आठवण होती. ज्याला तो जाणवतो त्याला एकट्याला हा फरक कळत नाही. तो कळायला यंत्र लागतं, नाहीतर शेजारचा माणूस लागतो.

स्वतःच्या डोळ्या-कानांवरचा, स्वतःच्या आठवणीवरचा विश्वास उडणं हा प्रश्न आपण सहसा डोक्यातल्या बिघाडाचा म्हणून बघतो. परभणीच्या परिसरातली त्याची रूपं एकेक करून पाहिली की मला तो निम्मा तरी माणसामाणसांतला वाटतो. विश्वास आत डळमळतो हे खरं, पण तो पूर्ण मोडतो तो भोवतालच्यांच्या बोलण्याने, आणि परत उभा राहतो तोही भोवतालच्यांच्याच आधाराने.

शास्त्राचं मूळ म्हणणं थोडक्यात सांगतो. डोळा म्हणजे कॅमेरा नव्हे. जर्मन शास्त्रज्ञ हेल्महोल्ट्झ यांनी एकोणिसाव्या शतकातच मांडलं होतं की मेंदू अपुऱ्या खुणांवरून अंदाज बांधतो आणि तो अंदाज आपल्याला प्रत्यक्ष म्हणून दिसतो. एरवी हे अंदाज बरोबर निघतात म्हणून आपल्याला त्यांची जाणीवही होत नाही. झोप तुटली, ताप चढला, भीती बसली की ते चुकू लागतात. जागरणाने शिणलेल्या किंवा घाबरून गेलेल्या माणसाला सगळं खोटं खोटं, काचेपलीकडचं वाटतं. स्वतःचा आवाजही परका वाटतो. हे फार जणांना होतं आणि फार थोडे बोलून दाखवतात, कारण ‘मला वेड लागतंय का’ हा प्रश्न तोंडातून काढायचीच भीती असते.

शरीरातून येणाऱ्या कारणांकडे आपल्याकडे फार दुर्लक्ष होतं. दारू नियमित पिणारा माणूस पाय मोडून दवाखान्यात पडतो, दारू बंद होते आणि दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी त्याला अंगावर मुंग्या, पलंगाखाली उंदीर दिसायला लागतात. नातेवाईक म्हणतात, दवाखान्यातलंच काहीतरी लागलं. दृष्टी गेलेल्या म्हाताऱ्यांना कधी कधी स्पष्ट माणसं, लेकरं, नक्षीदार कापडं दिसतात. शार्ल बोने या स्विस अभ्यासकाने १७६० साली आपल्या आजोबांबद्दल हे लिहून ठेवलं. ते आजोबा शुद्धीवर होते, दिसतं ते खरं नाही हेही त्यांना कळत होतं. आपल्याकडची आजी मात्र असं काही सांगायला धजत नाही. म्हातारचळ लागला म्हणतील, या धाकाने गप्प बसते.

आणि मग विषबाधेचा वॉर्ड. कापूस-सोयाबीनच्या या पट्ट्यात फवारणीचं औषध घरात सहज हाताशी असतं. विभागीय आयुक्तालयाच्या आकड्यांप्रमाणे २०२३ या एका वर्षात मराठवाड्यात १,०८८ शेतकऱ्यांनी आत्महत्या केल्या. त्यांतल्या १०३ परभणी जिल्ह्यातल्या. औषध प्यायलेला पण वेळेत पोचलेला माणूस वाचू शकतो. ऑरगॅनोफॉस्फरस गटातल्या विषावर ॲट्रोपिन देतात. तोंडाला आलेला फेस, छातीत साचलेला स्राव आटेपर्यंत, नाडी वाढेपर्यंत ते देत राहावं लागतं. मात्रा जास्त झाली की तोंड कोरडं पडतं, बाहुल्या विस्फारतात आणि माणूस बरळायला लागतो. चादर चिमटीत धरून ओढतो, हवेतून काहीतरी वेचतो, समोर नसलेल्या माणसाशी बोलतो, सलाईन उपटून उठू पाहतो. भावाने आणि मेहुण्याने मिळून त्याचे हातपाय धरलेले असतात. औषध उतरलं की हे बहुधा थांबतं. पण बाहेर व्हरांड्यात बसलेल्या त्याच्या बायकोला हे कुणी समजावून सांगितलं नसेल, तर तिच्या मनात एकच गोष्ट राहते की मरणाच्या दारात त्याला कुणीतरी दिसलं. घरी गेल्यावर उतारा होतो. आणि त्यालाही तुटक आठवतं, त्यामुळे त्या रात्रीचं खरं काय नि खोटं काय, हे घोंगडं पुढे त्याच्याच गळ्यात पडतं. डॉक्टरने दोन वाक्यं बोलली असती तर हे टळलं असतं. ‘हे औषधामुळे होतंय, उद्या-परवा कमी होईल.’ एवढीच.

जे वाचत नाहीत त्यांच्या मागे बायका राहतात. डेवी रीस या डॉक्टरांनी वेल्समधल्या २९३ विधवा-विधुरांशी बोलून १९७१ साली एक अभ्यास प्रसिद्ध केला. जवळजवळ निम्म्या लोकांना गेलेला जोडीदार जवळ असल्याचं जाणवत होतं. काहींना तो दिसे, काहींना त्याचा आवाज येई. बहुतेकांनी हे आधी कुणालाच सांगितलेलं नव्हतं, आणि अनेकांना त्याचा त्रास नव्हे तर आधार होता. गंगाखेड किंवा पालमच्या एखाद्या वस्तीवर नवरा गेलेल्या बाईला संध्याकाळी मोटारसायकल दारात थांबल्याचा आवाज आला, तर तिला ‘त्याचा जीव अडकलाय’ हे सांगणारे दहाजण भेटतील. ‘असं होतं, तू काही वेडी नाहीस’ हे सांगणारं एखादंही भेटेल का, याची मला काळजी वाटते.

आवाजांबद्दल थोडं सविस्तर सांगायला हवं. स्किझोफ्रेनियात कानात येणारे आवाज हे शोकातल्या भासासारखे नसतात. ते टिकून राहतात, हुकूम सोडतात, माणसाचं खाणंपिणं, झोप, कामधंदा पोखरतात. त्यावर औषधं आहेत, ती लवकर सुरू केली तर फरक पडतो, आणि याबाबतीत कुणी आडवळणाने बोलू नये. पण आवाज काय बोलतात, हे मात्र माणूस कुठे वाढला यावर बरंच ठरतं. मानववंशशास्त्रज्ञ तान्या लुर्मन आणि सहकाऱ्यांनी कॅलिफोर्नियातलं सॅन माटेओ, घानातलं आक्रा आणि आपलं चेन्नई इथल्या प्रत्येकी २० रुग्णांशी बोलून २०१५ मध्ये निष्कर्ष मांडले. अमेरिकेतले आवाज बहुतांशी अनोळखी आणि हिंसक होते. चेन्नईत निम्म्याहून अधिक जणांना नात्यातल्या माणसांचे आवाज येत : कामं सांगणारे, रागावणारे, कधी गोड बोलणारे. आपल्याकडचं घर डोक्यातसुद्धा आपल्याला एकटं सोडत नाही. हा आधारही आहे आणि जाचही. सुमित्रा भावे-सुनील सुकथनकर यांच्या २००४ च्या ‘देवराई’ चित्रपटात अतुल कुलकर्णींनी उभा केलेला शेष मराठी प्रेक्षकाच्या इतका जवळ आला तो यामुळेच, त्याचा आजार त्याच्या गावापासून, बहिणीपासून वेगळा काढून दाखवलेला नव्हता.

आता भानामती. मराठवाड्यात या प्रश्नावर लिहायचं आणि भानामती टाळायची, हे शक्य नाही. घरावर दगड पडतात. दोरीवरचे कपडे आपोआप पेट घेतात. भाकरीच्या पिठात घाण सापडते. झोपेतून उठल्यावर अंगावर काळ्या फुल्या उमटलेल्या दिसतात. कुठे बायका भुंकल्यासारखा आवाज काढतात, आणि एकीचं पाहून दुसरीला, दुसरीचं पाहून तिसरीला तसंच होतं. घरातल्या प्रत्येकाने हे ‘डोळ्याने’ पाहिलेलं असतं. विचारलं की दगड पडताना कुणी पाहिला, तर पडलेला पाहिलेला असतो. सुटताना कुणी पाहिलेला नसतो.

अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कार्यकर्त्यांनी अशी अनेक प्रकरणं हाताळली आणि त्यांची पद्धत मला फार मोलाची वाटते. अंगावरच्या फुल्या बिब्ब्याच्या तेलाने उमटतात. ते लागलं की कातडी काळी पडते, भाजल्यासारखी होते. पेटणाऱ्या कपड्यांमागे फॉस्फरससारखी रसायनं निघाली आहेत. म्हणजे करणारा हात घरातलाच असतो. तो शोधायला घरातल्या प्रत्येकाशी वेगळं, शांतपणे बोलावं लागतं. बहुतेकदा तो हात निघतो एखाद्या दबलेल्या सुनेचा, शिक्षण तोडलेल्या मुलीचा, नको तिथे लग्न ठरलेल्या पोरीचा. कधी ती हे जाणूनबुजून करते. कधी स्वतःलाही पुरतं उमगू न देता करते. नरेंद्र दाभोलकर आणि त्यांचे सहकारी अशा व्यक्तीचं नाव जाहीर करत नसत. तिच्याशी बोलायचं, तिचं दुखणं काय ते समजून घ्यायचं, घरच्यांना ती अडचण नाव न घेता कळेल असं काहीतरी करायचं, आणि भानामती थांबते. ज्या घरात मुलीने ‘मला हे सहन होत नाही’ म्हटलेलं कुणी ऐकलं नाही, त्या घराने तिचं ऐकलं ते दगडांतून. नाव उघड केलं असतं तर त्याच घराने तिला जन्मभर सतावलं असतं.

अशा समजुतींची काळी बाजू परभणी जिल्ह्याने पाहिली आहे. नोव्हेंबर १९७२ ते जानेवारी १९७४ या काळात मानवत आणि परिसरात लहान मुली आणि बायकांचे एकामागून एक खून झाले. गुप्तधन मिळावं, मूल व्हावं यासाठी हे नरबळी दिले गेले, असं सरकार पक्षाचं म्हणणं होतं. मुंबईहून पोलीस अधिकारी रमाकांत कुलकर्णी तपासाला आले. खटला सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि १९७७ च्या निकालात न्यायालयाने माफीच्या साक्षीदाराच्या साक्षीचं काय करायचं, याचा बारकाईने विचार केला : गुन्ह्यातल्या साथीदाराचं म्हणणं स्वतंत्र पुराव्याने पक्कं झाल्याखेरीज त्यावर विसंबणं धोक्याचं. दहशतीखाली असलेल्या गावाकडे नेमका हा स्वतंत्र पुरावाच नसतो. तिथे प्रत्येकजण दुसऱ्याच्या भीतीलाच पुरावा मानत जातो. १ जुलै २०१८ ला धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात मुलं पळवणारे समजून भिक्षेकरी समाजाच्या पाच जणांना जमावाने ठेचून मारलं. पळवलेलं मूल कुणी पाहिलेलं नव्हतं. २०२४ च्या पावसाळ्यात बीड-जालन्याकडच्या गावांनी रात्री आकाशात फिरणाऱ्या ड्रोनच्या दिव्यांसाठी जागून काढलेल्या रात्री आठवतात. दिवे होते, ते कुणाचे आणि कशासाठी, याचं उत्तर लोकांना वेळेवर मिळालं नाही, आणि मोकळी राहिलेली ती जागा चोरांच्या गोष्टींनी भरली.

२०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याच्या अनुसूचीत करणी, भानामती आणि गुप्तधनासाठीचे अघोरी प्रकार यांचा उल्लेख आहे. २० ऑगस्ट २०१३ ला दाभोलकरांचा खून झाल्यावरच तो आला, ही खंत आहे. कायद्याने भोंदूला पकडता येतं. घाबरलेल्या घराला धीर द्यायला मात्र माणूसच जावा लागतो.

घराच्या आत विश्वास मोडण्याचा एक शांत प्रकारही आहे. पॅट्रिक हॅमिल्टन यांच्या १९३८ च्या नाटकात नवरा बायकोला तिचं डोकं ठिकाणावर नाही असं पटवत राहतो, आणि घरातल्या गॅसच्या दिव्याची ज्योत मंद झालेली दिसते तेव्हाही तिला वाटतं, आपल्यालाच तसं वाटतंय. यावरूनच असल्या छळाला आज जगभर गॅसलाइटिंग म्हणतात. आपल्याकडे त्याला वेगळं नाव नाही, पण वाक्यं सगळ्यांना पाठ आहेत. ‘मी असं बोललोच नव्हतो.’ ‘तुझं डोकं ठिकाणावर नाही.’ ‘माहेरी सांगशील तर वेडी ठरशील.’ २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्यात मानसिक छळाचा समावेश आहे. पण मारल्याचा वळ दाखवता येतो, हे दाखवता येत नाही. शरीराबाबतही तेच घडतं. २०१९ साली शेजारच्या बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड महिलांची पाहणी झाली तेव्हा सुमारे ८२ हजारांपैकी १३ हजारांहून अधिक बायकांची गर्भाशयं काढलेली आढळली. अनेकींना ‘पिशवी खराब झाली, कॅन्सर होईल’ असं सांगितलं गेलं होतं. सोनपेठ-गंगाखेडकडूनही टोळ्या ऊसतोडीला जातात. स्वतःच्या ओटीपोटातलं दुखणं नेमकं काय आहे, हे ठरवण्याचा अधिकार ज्या बाईकडून असा काढून घेतला जातो, तिने पुढे आपल्या कोणत्या जाणिवेवर भरवसा ठेवायचा?

शेतकऱ्याच्या बाबतीत हेच आभाळ आणि जमिनीबद्दल घडतं, आणि त्याला मानसिक आरोग्याच्या चर्चेत जागाच नसते. मृगाचा पाऊस पाहून पेरायचं, हा पिढ्यांचा अंदाज. आता पहिल्या सरीवर पेरलं की तीन आठवडे उघडीप पडते आणि दुबार पेरणी गळ्यात येते. परभणीचं वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठ ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस झाल्याशिवाय पेरू नका, असा सल्ला देतं. सल्ला बरोबर आहे. पण ज्याचं सगळं आयुष्य वाऱ्याची दिशा ओळखण्यात गेलं, त्या म्हाताऱ्या शेतकऱ्याला आपलंच शहाणपण खोटं पडताना दिसतं तेव्हा आतून काय तुटतं, याची मोजदाद होत नाही. २०२० च्या खरिपात अनेकांचं सोयाबीन उगवलंच नाही. मराठवाड्यातून हजारो तक्रारी गेल्या आणि शेतकऱ्याला ऐकून घ्यावं लागलं की तू खोल पेरलंस, ओल नसताना पेरलंस. उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाला स्वतःहून दखल घ्यावी लागली. तेव्हापासून घरच्या घरी उगवण तपासण्याचा आग्रह वाढला आहे. ओल्या गोणपाटावर दहा-दहाच्या रांगांत १०० दाणे मांडायचे, गुंडाळून सावलीत ठेवायचे, पाणी शिंपडत राहायचं, आठवड्याभरात उघडून मोजायचं. ७० किंवा जास्त उगवले तर बियाणं पेरायला योग्य. बायको मोजते, मुलगा वहीत लिहितो. मला यात निव्वळ शेतीचं तंत्र दिसत नाही. आपण पाहिलं ते खरं होतं, हे उद्या कुणापुढेही सांगता येईल, याची ती तजवीज आहे.

सॉलोमन ॲश या मानसशास्त्रज्ञाचे १९५० च्या दशकातले प्रयोग इथे आठवतात. एका खोलीत बसवलेले सगळे आधी ठरवून चुकीची रेघ बरोबर म्हणत. खऱ्या सहभागीची पाळी शेवटाकडे येई. रेघ डोळ्यांना स्वच्छ दिसत असूनही सुमारे एकतृतीयांश वेळा तो इतरांच्या मागे जाई. या प्रयोगाचा एवढाच भाग नेहमी सांगितला जातो. दुसरा भाग जास्त महत्त्वाचा आहे. खोलीत एकजण जरी बरोबर उत्तर देणारा ठेवला, तरी चुकीच्या बाजूला जाणं झपाट्याने कमी होई. बहुमत बदलावं लागलं नाही, एक साक्षीदार पुरला.

तो साक्षीदार परभणीत कुठून आणायचा? राज्यात प्रादेशिक मनोरुग्णालयं चार : ठाणे, येरवडा, नागपूर, रत्नागिरी. मराठवाड्यात त्यांतलं एकही नाही. २०१५-१६ च्या राष्ट्रीय मानसिक आरोग्य सर्वेक्षणात १०.६ टक्के प्रौढांना त्या वेळी कोणता ना कोणता मानसिक त्रास असल्याचं आढळलं आणि बहुसंख्यांना उपचार मिळत नव्हते. पण ज्या १२ राज्यांत ते झालं त्यांत महाराष्ट्रच नव्हता. २०१५ पासून विदर्भ-मराठवाड्यातल्या १४ जिल्ह्यांत ‘प्रेरणा’ प्रकल्प आहे, त्यात आशाताई घरोघर जाऊन विचारपूस करतात. १४४१६ हा टेलिमानस या सरकारी मदतवाहिनीचा क्रमांक ऑक्टोबर २०२२ पासून चालू आहे आणि तिथे मराठीत बोलता येतं. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्याने रुग्णाला साखळदंडाने बांधणं बंद केलं आणि आत्महत्येचा प्रयत्न करणारा माणूस तीव्र ताणाखाली होता असं गृहीत धरायला सांगितलं.

देवळा-दर्ग्यांना शत्रू मानून हे काम होणार नाही, असं माझं मत आहे. तमिळनाडूतल्या एरवाडीत ६ ऑगस्ट २००१ ला आग लागली तेव्हा साखळीने बांधलेले २८ मनोरुग्ण गेले. ते पुन्हा घडू नये म्हणून कायदा कडक हवाच. पण गुजरातमध्ये उनावाच्या मीरा दातार दर्ग्यात मुजावरांना सोबत घेऊन ‘दवा और दुआ’ उपक्रम उभा राहिला. मुजावर दुआ करतात आणि तिथल्याच आवारात डॉक्टर तपासतात. परभणीच्या सय्यद शाह तुराबुल हक दर्ग्याच्या उरुसाला सगळ्या धर्मांचे लोक येतात. तिथे असं एक टेबल लावायला काय हरकत आहे?

घरच्यांनी काय बोलावं, हेही शिकता येतं. ‘आवाज येतोय’ म्हणणाऱ्याला ‘हो, मलाही येतोय’ असं खोटं सांगू नये आणि ‘काही येत नाही, गप बस’ असंही म्हणू नये. ‘मला ऐकू येत नाही, पण तुला येतोय आणि त्याचा त्रास होतोय, हे मी मानतो, चल, दाखवून येऊ.’ हे वाक्य कुणालाही बोलता येतं. अडचण पुढची आहे : दाखवायचं कुठे. परभणीत २०२३ पासून शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आहे. जिंतूर, पालम, सोनपेठच्या ग्रामीण भागातून तिथे यायचं म्हणजे दोघांची एक दिवसाची मजुरी आणि गाडीभाडं, दर महिन्याला. मानसोपचारतज्ज्ञ तालुक्याच्या दवाखान्यात कोणत्या वारी बसणार, हे जिथे ठरलेलं आहे तिथे तो वार चुकता कामा नये. जिथे नाही तिथे तो ठरवून ग्रामपंचायतीच्या फळ्यावर लिहिला पाहिजे, आणि गोळ्या त्याच खिडकीवर महिन्याभराच्या मिळाल्या पाहिजेत.